घरातली लेखा आणि शाळेतली लेखा

(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेले भाषण)



यंदा बाहेरचा वक्ता न बोलावता आपल्यातल्याच चौघीजणींनी एकेका लेखकाविषयी बोलावे, असे कार्यकारिणीत ठरले. कोणी साने गुरुजी घेतले, कोणी बहिणाबाई. मी जिच्याविषयी बोलणार आहे तिचे नाव तुमच्यापैकी फारशा कोणी ऐकले नसेल. सुप्रिया केळकर असे तिचे नाव. ती अमेरिकेत जन्मली, तिथेच वाढली, आणि मुलांसाठी इंग्रजीत पुस्तके लिहिते.

आता तुम्ही म्हणाल, हिला सातवीपर्यंतचे शिक्षण, ही इंग्रजी पुस्तके कधी वाचू लागली? मी ती वाचली नाहीत, ऐकली. माझ्या मोठ्या दिरांची मुलगी तिकडे असते. गेल्या पावसाळ्यात ती आपल्या नऊ वर्षांच्या लेकीला घेऊन पाच आठवडे आली होती. येताना लेकीची पुस्तके आणली होती. दुपारची भांडी आवरली की ती आम्हा बायकांना एकेक पान वाचून मराठीत सांगत असे. आपल्या आज्यांनी हरिविजय, पांडवप्रताप असेच ऐकले. त्यांना ते कमी कळले असे कोणी म्हणणार नाही.

या लेखिकेचा आपल्याशी संबंध काय? संबंध आहे, आणि तो नागपूरवरून येतो. तिचे पहिले पुस्तक २०१७ साली निघाले, त्याचे नाव 'अहिंसा'. छापण्याच्या आधीच, २०१५ साली, त्याला तिकडच्या एका प्रकाशनसंस्थेचा नव्या लेखकांसाठी असलेला पुरस्कार मिळाला होता. हे पुस्तक तिला सुचले ते तिच्या पणजीवरून, आणि ती पणजी म्हणजे नागपूरच्या अनसूयाबाई काळे.

अनसूयाबाईंचे नाव आपल्या सासूबाईंच्या पिढीला सांगावे लागले नसते. त्या जुन्या मध्यप्रांताच्या कायदे कौन्सिलात होत्या आणि १९३० साली गांधीजींच्या चळवळीसाठी त्यांनी ती जागा सोडली. त्याच साली आपल्या अकोला जिल्ह्यात दहीहांड्याला खाऱ्या विहिरीच्या पाण्याचे मीठ करून लोकांनी कायदा मोडला होता, म्हणजे वारा एकच होता. त्यांनी तुरुंगवास सोसला. १९३७ साली त्या मध्यप्रांत-वऱ्हाडच्या विधानसभेच्या उपसभापती झाल्या. अमरावती-अकोला त्याच प्रांतात होते, तेव्हा त्या आपल्याही उपसभापती. १९४२ साली आष्टी आणि चिमूरला जे घडले ते तुम्हाला ठाऊक आहे. तिथल्या ज्यांना फाशीची शिक्षा झाली होती त्यांचे प्राण वाचावेत म्हणून अनसूयाबाईंनी फार खटपट केली. पुढे १९५२ आणि १९५७ या दोन्ही निवडणुकांत त्या नागपूरहून लोकसभेवर गेल्या आणि १९५८ साली वारल्या.

अशा बाईची पणती सातासमुद्रापार बसून मुलांसाठी गोष्ट लिहायला घेते, तेव्हा ती काय लिहिते पाहा. गोष्ट १९४२ सालची आहे. अंजली नावाची दहा वर्षांची मुलगी. गांधीजी सांगतात की प्रत्येक घराने एक माणूस चळवळीला द्यावे. अंजलीच्या पोटात गोळा येतो. तिला वाटते, आता बाबा जाणार. पण बाबा जात नाहीत, आई जाते. इथे वाचणे थांबवून पुतणीने आमच्याकडे पाहिले. माझ्या थोरल्या जाऊबाई म्हणाल्या, "मग स्वयंपाक कोणी केला?" आम्ही हसलो, पण प्रश्न खराच आहे. आई चळवळीत गेली की घराचे काय होते, हेच तर त्या पुस्तकात आहे. अंजलीचे आवडते परदेशी कापडाचे कपडे जातात. तिचा जिवलग मित्र मुसलमान आहे, आणि गावात दंगल पेटते. आई तुरुंगात जाते, आणि आईने हातात घेतलेले काम दहा वर्षांच्या मुलीवर येऊन पडते.

त्यात मोहन नावाचा एक मुलगा आहे. तो संडास साफ करण्याचे काम करतो. अंजली आणि तिची आई चांगल्या मनाने त्याला हरिजन म्हणतात, पण ते नाव त्याला नको आहे. त्याला दलित हा शब्द हवा आहे. मला हा भाग फार महत्त्वाचा वाटला. ज्याचे नाव आहे त्याला कोणी विचारतच नाही, दुसरेच ठरवून मोकळे होतात. आणि याच १९४२ च्या जुलैत नागपूरला डॉक्टर बाबासाहेबांच्या उपस्थितीत दलित वर्गाची मोठी परिषद झाली, तिच्याबरोबर स्त्रियांचीही परिषद भरली, आणि तिच्या अध्यक्ष होत्या आपल्या अमरावतीच्या सुलोचनाबाई डोंगरे. आपल्या मुलींना हे नाव सांगितले जात नाही. त्यांच्यावरही कोणी मुलांचे पुस्तक लिहायला हवे आहे, आणि ते लिहायला अमेरिकेत जावे लागू नये.

पण मी आज मुख्यत्वे बोलणार आहे ते तिच्या दुसऱ्या एका पुस्तकाविषयी. ते २०२० साली निघाले. त्याचे नाव 'अमेरिकन ॲज पनीर पाय'. अमेरिकेत सफरचंदाचे सारण भरून पाय नावाचा एक पदार्थ करतात, आणि एखादी गोष्ट अगदी अस्सल तिकडची आहे असे म्हणायचे असले की ती त्या पायसारखी आहे, असे म्हणण्याची रीत आहे. बाईंनी सफरचंद काढून त्यात पनीर भरले.

त्यातली मुलगी म्हणजे लेखा दिवेकर. आडनाव ऐकले की लगेच आपल्या शेजारची वाटते. मिशिगन राज्यातल्या एका लहान गावात ती राहते. त्या गावात तिच्या शाळेत भारतीय वंशाची दुसरी मुलेच नाहीत. तिच्या कपाळावर जन्मखूण आहे, आणि ती नेमकी टिकलीच्या जागी आहे. आपल्याकडे अशी मुलगी जन्मली तर म्हाताऱ्या बायका म्हणतील, देवीनेच कुंकू लावून पाठवली. तिकडे त्या खुणेवरून मुले तिला चिडवतात. म्हणून ती शाळेत जाताना केस पुढे ओढून पिना लावून ती खूण झाकते. घरी मात्र ती हिंदी सिनेमे पाहते, आवडीने आपले जेवण जेवते. म्हणजे एक घरातली लेखा आणि एक शाळेतली लेखा. दोघींची एकमेकींशी गाठ पडू नये, एवढीच तिची दिवसभराची धडपड. कोणी चिडवले तर ती उलटून बोलत नाही, मान खाली घालून जाते.

मग समोरच्या घरात एक कुटुंब राहायला येते. त्यात लेखाच्याच वयाची मुलगी, अवंतिका. लेखाला आनंद होतो की आपल्यासारखी कोणीतरी आली. पण अवंतिकेने तोंड उघडले मात्र, तिचे इंग्रजी भारतातल्या वळणाचे निघते. ती नुकतीच भारतातून आलेली. आणि जिला आपली म्हणून भेटायला निघाली तिचीच लेखाला लाज वाटू लागते. उद्या शाळेत मुले हिला हसतील आणि हिच्याबरोबर मलाही हसतील, ही भीती.

अवंतिकेला मात्र काही लपवावेसे वाटत नाही. जे घरी तेच शाळेत. कोणी चिडवले तर ती गप्प बसत नाही. पुढे गावात द्वेषातून एक वाईट प्रकार घडतो आणि लेखाला ठरवावे लागते की आता बोलायचे की अजूनही मान खालीच घालायची.

आम्हा बायकांना अर्थातच अवंतिका आवडली. जाऊबाई म्हणाल्या, "पोरगी असावी तर अशी." तेव्हा पुतणी म्हणाली, "काकू, अवंतिका शूर आहे हे खरे, पण ती दहा-अकरा वर्षे चारचौघींसारखी वाढून आली आहे. वर्गात तिच्यासारखी नावे, तिच्यासारखे डबे, तिच्यासारखी तोंडे. ती शिदोरी बरोबर घेऊन ती विमानात बसली. माझ्या मुलीला ती शिदोरी कुठून आणून देऊ?"

या एका वाक्यासाठी मी हा विषय निवडला. आपण इकडे बसून सहज म्हणतो की तिकडची मुले आपले सोडतात, आईबाप त्यांना शिकवत नाहीत. वास्तविक शिकवणे पुष्कळ चालते. १९६५ साली अमेरिकेने आपला कायदा बदलला, तेव्हापासून आपल्याकडचे डॉक्टर, इंजिनिअर तिकडे मोठ्या संख्येने जाऊ लागले. त्यांनी गावोगाव महाराष्ट्र मंडळे काढली. १९८१ साली त्या सर्वांचे मिळून बृहन्महाराष्ट्र मंडळ झाले. सुटीच्या दिवशी मराठीच्या शाळा भरतात, गणपती बसतात. माझी नातसुद्धा अशा शाळेत जाते. बाराखडी तिला माझ्या शेजारच्या मुलांपेक्षा चांगली येते. पण बाराखडी आल्याने शाळेतला डबा उघडायला धीर येत नाही. त्याच पोरीने तिकडच्या शाळेत दुसरीत असताना आईला सांगितले होते, "मला न्यायला येशील तेव्हा टिकली काढून ये." पुतणीने हे सांगितले आणि उठून पाणी प्यायला आत गेली.

टिकलीवर सुप्रियाबाईंचे अगदी लहान मुलांसाठी एक चित्रांचे पुस्तक आहे, 'बिंदूज बिंदीज', २०२१ सालचे. बिंदूला नाना आकारांच्या, रंगांच्या टिकल्या आवडतात. भारतातून तिची आजी नव्या टिकल्या घेऊन येते. काही माणसे टिकली लावलेल्या त्या मायलेकींशी नीट वागत नाहीत आणि बिंदूच्या मनात भीती बसते. शेवटी शाळेच्या कार्यक्रमात ती टिकली लावूनच उभी राहते. चित्रे सुरेख आहेत. माझे मत विचाराल तर या पुस्तकात धीर जरा लवकर येतो. लहान मुलांच्या पुस्तकात पाने थोडी असतात, म्हणून तसे होत असेल. खऱ्या मुलीला वर्षे लागतात. लेखाच्या पुस्तकात तो वेळ दिला आहे, म्हणून ते मला जास्त खरे वाटले.

सुप्रियाबाईंनी एके ठिकाणी सांगितले आहे की त्या लहान असताना त्यांना पुस्तकांत त्यांच्यासारखी मुलगी कुठे भेटलीच नाही. तिकडच्या एका विदुषीने, रूडीन सिम्स बिशप यांनी, १९९० साली लिहिले होते की मुलांना पुस्तक हे आरशासारखेही हवे आणि खिडकीसारखेही. खिडकीतून दुसऱ्याचे घर दिसते, आरशात आपले तोंड दिसते. ज्या मुलाला नुसत्या खिडक्याच मिळाल्या त्याला वाटू लागते की पाहण्यासारखे आपल्यात काही नाहीच.

तसे पाहिले तर अमेरिकेत मुलांसाठी लिहिणारा भारतीय माणूस फार जुना आहे. बंगालचे धनगोपाल मुखर्जी तिकडे जाऊन राहिले, आणि १९२८ साली त्यांच्या एका कबुतराच्या गोष्टीला तिकडचे मुलांच्या पुस्तकाचे सर्वांत मोठे पदक मिळाले, न्यूबेरी पदक. पण त्यांच्या गोष्टीत हत्ती, जंगल, कबुतर. तिकडच्या मुलांना हिंदुस्थान दाखवायचा तर तो असा, दूरचा. डबा घेऊन वर्गात बसलेली, त्याच देशात जन्मलेली लेखा पुस्तकात यायला पुढे फार वर्षे जावी लागली.

सुप्रियाबाईंची एक गंमतही सांगते. त्या लहानपणी आठवड्याला तीन तीन हिंदी सिनेमे पाहून हिंदी शिकल्या. पुढे मुंबईच्या सिनेमांच्या लेखनात त्यांनी काम केले; २००६ साली आलेल्या 'लगे रहो मुन्नाभाई'च्या लेखकांच्या मंडळींत त्या होत्या. तेव्हा आपल्या मुलांना सिनेमा पाहण्यावरून बोलताना जरा जपून.

आता माझ्या नातीची गोष्ट. ती इथे आली आणि आम्हाला वाटले, पोर आपल्या माणसांत आली, आता मोकळी होईल. पहिल्याच आठवड्यात आमच्या गल्लीतल्या मुलांनी तिचे नाव 'अमेरिका' ठेवले. तिच्या मराठीला हसले. ती 'ळ' म्हणताना अडखळत असे, तर मुद्दाम तिला 'कावळा' म्हणायला लावत. दोन दिवस ती खाली खेळायला गेलीच नाही. तिकडे ही भारताची आणि इकडे ही अमेरिकेची.

आमच्याकडे पोळ्या करायला येणाऱ्या बाई दर्यापूरकडच्या आहेत. त्या नातीला ओट्याशेजारी बसवून घेत आणि आपल्या बोलीत तिच्याशी बोलत. एके दिवशी व्हिडिओ कॉलवर ती बापाला म्हणाली, "बाबा, मले भूक लागली." बाप तिकडे पोट धरून हसला; तो अकोटचा आहे, कित्येक वर्षांत त्याने ते ऐकले नसेल. पण पुतणी लगेच म्हणाली, "अगं, मला म्हण, मला." तेव्हा जाऊबाई म्हणाल्या, "राहू दे. जिच्याकडून शिकली तिने चांगलेच शिकवले."

मैत्रिणींनो, यावरून मला माझी शाळा आठवली. चौथीपर्यंत मी खेड्यातल्या शाळेत होते, मग अमरावतीच्या एका शाळेत घातले. तिथे मी 'काऊन' म्हटले की सगळा वर्ग हसे. कोथिंबिरीला सांभार म्हटले तर बाईसुद्धा हसत. महिनाभर मी वर्गात तोंड उघडले नाही. मग शाळेत बोलायचे वेगळे शब्द शिकले. तेव्हापासून माझ्या तोंडात दोन मराठी आहेत. हे भाषण मी कोणत्या मराठीत करते आहे ते तुम्हाला कळतेच आहे. घरी जाऊन कुकर लावताना दुसरी निघेल. म्हणून लेखाची गोष्ट ऐकताना मला भाषांतर फारसे लागले नाही.

आणि आपण सगळ्या बायकाच ना! इथे बसलेल्यांपैकी कितीजणींचे माहेरचे पहिले नाव आज चालते, हात वर करा. (इथे सभेत अकरा हात वर झाले. - संपादिका) ताटात तांदूळ पसरून त्यात अंगठीने नवे नाव लिहिले, की जुनी मुलगी संपली. भाजीला तिखट किती, पोळी की भाकर, महालक्ष्म्या उभ्याच्या की खड्यांच्या, सगळे नव्याने. अमरावतीहून अकोल्याला येऊनसुद्धा मला सहा महिने लागले. सुप्रियाबाईंचे नावावरही एक पुस्तक आहे, २०२३ सालचे. लोक जिचे नाव धड उच्चारत नाहीत अशा मुलीचे. मला ते ऐकताना वाटले की निदान तिचे नाव कोणी बदलले तरी नाही.

माझ्या शेजारच्या आजी सिंधी आहेत. त्यांचे घराणे १९४७ च्या फाळणीनंतर सगळे सोडून इकडे आले. अकोल्यात, अमरावतीत अशी कितीतरी कुटुंबे आली, त्यांच्या दुकानांतून आपण कापड घेतो. मी या पुस्तकाविषयी त्यांना सांगत होते, तेव्हा त्या म्हणाल्या की आमच्या घरात आता सिंधी फक्त मी आणि माझी बहीण फोनवर बोलतो. नातवंडे मराठी शाळेत, त्यांचे मराठी माझ्यापेक्षा शुद्ध. मी विचारले, तुमच्या आईने इकडे येताना काय आणले, हे नातवंडांना सांगितले का? त्या म्हणाल्या, कोणी विचारले नाही. मग मीच विचारले. त्यांनी पाऊण तास सांगितले, कुलूप लावून किल्ली शेजाऱ्याला देऊन आल्यापासून. ते त्यांच्या घरचे आहे, म्हणून इथे सांगत नाही. पण नात दारात उभी राहून ऐकत होती.

'अहिंसा' पुस्तकातून माझ्या नातीला जे मिळाले ते मला लेखाच्या पुस्तकापेक्षा वेगळे वाटले. लेखाच्या पुस्तकात तिला स्वतःचे तोंड दिसले. 'अहिंसा' ऐकून तिने प्रश्न विचारला. म्हणाली, "या बाईंच्या पणजीने एवढे केले. माझ्या पणजीने काय केले?"

आम्ही एकमेकींकडे पाहू लागलो. माझ्या सासऱ्यांची आई. तुरुंगात गेली नाही, सभेत बोलली नाही. तिचा भिंतीवर फोटोसुद्धा नाही. मग जाऊबाई आठवून आठवून सांगू लागल्या, मी भर घातली, माझ्या नणंदेला फोन लावला. मूर्तिजापूरजवळच्या खेड्यात तिचे सासर. ऐन तिशीत विधवा झाली, पदरी तीन मुले. दिरांनी सांगितले, शेतीचा वाटा सोड, दोन वेळ जेव आणि राहा. ती एका पहाटे बैलगाडीने मूर्तिजापूरला आली, तिथून आगगाडीने अकोल्याला. एका वाड्यात मागची खोली घेतली आणि खेड्यातून शिकायला आलेल्या मुलांची खाणावळ काढली. सुरुवातीला चार मुले, मग तीस झाली. अंगठा उठवणारी बाई. कोणाचे किती जेवण झाले ते भिंतीवर कोळशाच्या रेघांनी लिही. ज्याचे पैसे थकले त्याच्या रेघा ती सणाच्या आदल्या दिवशी पुसून टाकी आणि म्हणे, भिंत सारवली. तिचे तिन्ही मुलगे शिकले. त्यातल्या एकाच्या नातीची मुलगी आमच्यासमोर बसून विचारत होती.

पोरीने सगळे ऐकले. मग एकच विचारले, "पणजीचे नाव काय?" सासरचे नाव सरस्वती, ते सगळ्यांना ठाऊक होते. माहेरचे कोणालाच नाही. नणंदेने शेगावच्या एका ऐंशी वर्षांच्या आत्याबाईंना विचारले, तेव्हा कळले. कोंडाबाई. मी मनात म्हटले, आता ही पोर हसणार. ती हसली नाही. तिने वहीत देवनागरीत लिहिले, 'ळ' नसल्यामुळे तिला सोपे गेले, आणि खाली भिंत काढली, भिंतीवर काळ्या रेघा काढल्या. किती रेघा काढू, म्हणून तीनदा विचारले.

सप्टेंबरात तिकडे शाळा सुरू झाल्यावर तिच्या वर्गात प्रत्येकाने आपल्या घरातल्या एका माणसाविषयी पाच मिनिटे बोलायचे होते. तिने ते चित्र नेले. पुतणीने आईच्या मोबाईलवर फोटो पाठवला आहे, सभेनंतर ज्यांना पाहायचा त्यांनी जाऊबाईंना विचारावे. डबा ती अजून एका कोपऱ्यात बसूनच खाते, असे पुतणी म्हणाली. आईने टिकली काढून यावे, हे मात्र दिवाळीनंतर ती एकदाही म्हणाली नाही.

आता मंडळापुरते. पुतणीने ती तीनही पुस्तके आपल्या मंडळाच्या कपाटाला दिली आहेत, 'अहिंसा', लेखाचे आणि बिंदूचे. आपल्यापैकी ज्यांच्या मुली-सुना कॉलेजात शिकलेल्या आहेत त्यांना माझी विनंती आहे की दर गुरुवारी भजनानंतर अर्धा तास त्यांनी यावे आणि आठ-दहा पाने मराठीत सांगावी. मुलांनाही घेऊन या, गल्लीत दुसऱ्याला नावे ठेवणारी असतील त्यांना आधी. याशिवाय मी एक दोनशे पानी वही आणली आहे. तिच्या प्रत्येक पानावर एका बाईचे नाव घालायचे, सासरचे आणि माहेरचे दोन्ही, आणि तिने काय केले ते खाली. ज्यांना लिहिता येत नाही त्यांनी सांगावे, मी लिहून घेईन, ज्या बोलीत सांगाल त्याच बोलीत. पहिल्या पानावर कोंडाबाई आहे. दुसऱ्या पानासाठी शेजारच्या आजींनी होकार दिला आहे. त्या सिंधीत सांगणार आणि त्यांची नात मराठीत लिहिणार. आज अल्पोपाहाराला सांभारवडी आहे, ती होईपर्यंत वही या टेबलावर ठेवते.